रुग्णास उशिरा आणले

“बसून काय करतेस? तोवर अंगण झाडून घे.”

कंपाउंडर असं म्हणाला आणि मी झाडू घेतला. माझी आई पायरीच्या खाली झोळीत पडली होती. तिचा पाय गुडघ्यापर्यंत सुजून काळानिळा झाला होता. हिरड्यांतून रक्त येत होतं. आणि मी सरकारी दवाखान्याचं अंगण झाडत होते. नीट झाडलं. कोपरे काढले. आंब्याची पानं गोळा करून ढीग लावला. काम बघून हा माणूस खूष होईल आणि आत जाऊन डॉक्टरांना बोलावून आणेल, असं मला वाटत होतं. एकोणीस वर्षांची होते. सातवी पास होते. वस्तीतले लोक अर्ज-पत्र लिहून घ्यायला माझ्याकडे यायचे. तरी झाडलं.

हे सांगायची मला फार लाज वाटायची. ती लाज माझी नाही हे कळायला दोन वर्षं गेली. म्हणून आता कुणीही विचारलं की आधी तेच सांगते.

आमची वस्ती औंढ्याच्या अंगाला, डोंगराच्या पायथ्याशी. पंधरा-सोळा घरं, सगळी बौद्धांची. धर्म बदलला तेव्हा मी लहान होते. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, घरातले देव पाटीत भरले आणि ओढ्यात सोडून आले. गावकीची कामं बंद केली. मेलेलं जनावर ओढणार नाही, सांगावा घेऊन पळणार नाही, असं चावडीवर उभं राहून सांगितलं. त्यापायी वर्षभर गावातल्या दुकानात आम्हाला मीठ मिळालं नाही. आबा लोणावळ्यापर्यंत पायी जाऊन मीठ आणायचे आणि येताना गाणं म्हणत यायचे. असा माणूस होता. पुढं त्यांचं काय झालं ते सांगायचंय, म्हणून हे सांगून ठेवलं.

त्या सकाळी आम्ही दुसऱ्याच्या वावरात भात कापायला गेलो होतो. ऊन नुकतं वर आलं होतं. आईनं कापलेली पेंढी उचलली आणि “आई गं” एवढंच म्हणाली. पेंढीखाली घोणस होती. आबांनी तिचा पाय फडक्यानं आवळला आणि माणसं गोळा करायला धावले. कापणीचे दिवस. जो तो आपापल्या नाहीतर मालकाच्या वावरात. चार खांदे मिळायला अर्धा तास गेला. दोघं आमचे आणि दोघं वरच्या ठाकरवाडीतले, लहानू आणि त्याचा भाऊ. घोंगडीची झोळी केली, बांबू घातला आणि निघालो. चौघंही अनवाणी, खाचरांतून, बांधांवरून पळत होते. सरकारी दवाखाना बाजाराच्या गावात. तिथं शिरलो तेव्हा दहाची एसटी थांब्यावर उभी होती. कंडक्टरनं खिडकीतून वाकून बघितलं आणि विचारलं, “काय चावलं रं?” हे मला पक्कं आठवतं. दहा वाजले होते.

कंपाउंडर दारात आला. “कुठले?”

आबांनी वस्तीचं नाव सांगितलं.

“खाली ठेवा. पायरीच्या खाली. ओसरी आत्ताच पुसलीय.”

“घोणस हाय, साहेब. सुई द्या लवकर.”

“सुई डॉक्टरसाहेब देतात. साहेब पूजेला बसलेत. उठवायचं नाही.”

डॉक्टरांचं घर दवाखान्याच्या मागंच. पन्नास पावलंही नसतील. पूजेची घंटा आम्हाला ऐकू येत होती. आबा म्हणाले, “म्या जाऊन हाक मारतो,” तर कंपाउंडर आडवा झाला. म्हणाला, “तिकडे पाऊल टाकलंस तर सुई नाही मिळायची.” मग आबांनी हात जोडले. ज्या माणसानं देव ओढ्यात सोडल्यावर कुणापुढं हात जोडले नव्हते, त्यानं कंपाउंडरपुढं जोडले. आणि मला झाडू मिळाला.

आईनं दोनदा पाणी मागितलं. ओसरीवर माठ होता. त्याला आम्ही हात लावायचा नाही, आणि कंपाउंडर वरून ओतायलाही उठला नाही. मी समोरच्या घरांत मागत फिरले. तिसऱ्या घरी एका बाईनं लांबून ओंजळीत ओतलं. ओंजळ सांभाळत आले तोवर बोटांतून निम्मं गळलं होतं. राहिलेलं आईच्या ओठांना लावलं. तिला गिळता येत नव्हतं. लहानूचा भाऊ तिच्या डोक्याशी बसून माश्या वारत होता. ऊन डोक्यावर आलं तेव्हा ती गेली.

डॉक्टर त्यानंतर आले. पंच्यानं हात पुसत पुसत. पायरी उतरले नाहीत. वरूनच विचारलं, “गेली का?”

कंपाउंडरनं रजिस्टर उघडून टेबलावर लिहायला घेतलं. मी खिडकीबाहेरून उलटं वाचलं. ‘रुग्णास उशिरा आणले. उपचारापूर्वी मृत.’

“आम्ही दहाला आलोय,” मी म्हणाले.

“वाचता येतं वाटतं तुला?” त्यानं मान वर केली. मग टाकानं भिंतीकडं दाखवलं. “मग ते पण वाच.” भिंतीवर पाटी होती, ‘शांतता राखा.’

मी शांतता राखली. आईला उचललं आणि आलो.

पण ते दोन शब्द आमच्या आधी वस्तीवर पोचले. उशिरा आणलं. बाजाराच्या गावात तेच, औंढ्यात तेच, कुसगावात आमचे पाहुणे होते त्यांच्यातही तेच. भेटायला आलेली गंगूमावशी, माझ्या आईची सख्खी मैत्रीण, तीसुद्धा पदर डोळ्यांना लावून म्हणाली, “जरा आदी न्हेलं आसतं तर वाचली आसती गं.” आबांनी ते ऐकलं. त्या दिवसापासून त्यांनी तो अर्धा तास धरला. जेवताना ताट सरकवायचे आणि म्हणायचे, “त्यो अर्धा तास माजा. म्याच मारली तिला.” दवाखान्यासमोर अडीच तास ठेवलं होतं ते त्यांच्या लेखी गेलंच कुठं तरी. त्यांचा अर्धा तास तेवढा उरला. गाणं बंद झालं. कामाला जाणं बंद झालं. आई सापानं गेली, पण आबांना त्या रजिस्टरातल्या ओळीनं खाल्लं. मला ती ओळ खोडायची होती. दुसरं काहीही नको होतं.

पंधरा दिवसांनी बाजाराच्या गावात एका दुकानदाराच्या मुलाला साप चावला. पोराला थेट आत नेलं, डॉक्टर जेवणावरून उठून आले, कपाटातली सुई दिली. पोर वाचलं. वाचलं ते बरंच झालं. पण म्हणजे सुई होती.

हे कळल्यावर मी वहीचं पान फाडलं आणि अर्ज लिहायला बसले. आईपुरताच लिहीत होते. पण बातमी फुटली आणि लोक यायला लागले. गंगूमावशीची सून त्याच पायरीखाली बाळंत झाली होती, आडोशाला दोन बायांनी लुगडी धरली होती. ठाकरवाडीतल्या लोकांना औषध खिडकीतून टाकायचे. बाटली फुटली तर “पुढच्या बाजारी या.” लहानूच्या लेकीला तापात तीन वेळा परत लावलं, चौथ्यांदा नेण्याची वेळच आली नाही. हे लहानूनं बाहेर बघत सांगितलं. अशा माणसानं माझ्या आईला खांदा दिला होता, आणि वाटेत याबद्दल एक शब्द काढला नव्हता.

मी पहिला कागद फाडला आणि नवा घेतला. शाळेत गुरुजींनी अर्जाचा नमुना शिकवला होता त्या थाटात लिहिलं. ‘सदर डॉक्टर व कंपाउंडर यांची खातेनिहाय चौकशी होऊन त्यांच्यावर शिस्तभंगाची कारवाई व्हावी. हा अर्ज आम्ही कोणा एकासाठी करीत नसून सर्वांसाठी करीत आहोत.’ वाचून दाखवलं.

लहानूनं विचारलं, “शिस्तभंग म्हंजी?”

“सरकारी माणसानं नियम मोडला म्हणून सरकारनंच त्याला शिक्षा करायची.”

“सरकार सरकारला मारंल व्हय?” तो म्हणाला, आणि आई गेल्यावर आमच्या अंगणात पहिल्यांदा लोक हसले.

दोन्ही वस्त्या मिळून चाळीसच्या वर अंगठे झाले. सही एकच, माझी.

दोन महिन्यांनी तपकिरी पाकीट आलं. आत टाइप केलेली एकच ओळ. ‘आपला अर्ज दप्तरी दाखल करण्यात आला आहे.’

मी ती मोठ्यानं वाचली. पुन्हा वाचली. आबांनी मान वर केली. दाखल! आम्हाला दाखल हा शब्द एकाच जागी भेटला होता, शाळेत. मला पहिलीत दाखल केलं तेव्हा आबांनी नवं फडकं डोक्याला बांधलं होतं. दाखल म्हणजे नाव लागलं, आत घेतलं. आम्हाला कधी कुणी आत घेतलं होतं? गंगूमावशीनं घरातून गूळ आणला आणि दारोदार वाटला. ठाकरवाडीवर निरोप गेला. लहानू ते पत्र बघायला आला, त्याला वाचता येत नव्हतं तरी हातात धरून उलटसुलट बघितलं. आबा त्या दिवशी दोन भाकरी जेवले.

मग वाट बघणं. रस्त्यावर जीपचा आवाज आला की बायका कामं टाकून बांधावर यायच्या. मी सगळ्यांना काय-काय सांगायचं ते घोकून ठेवायला लावलं. आबा रोज विचारायचे, “आज येत्याल का गं?” उन्हाळा गेला. भाताची लावणी आली आणि उरकली. कुणी आलं नाही. शेवटी मी तालुक्याच्या कचेरीत गेले. तिथल्या कारकुनाला पत्र दाखवून विचारलं, “भाऊसाहेब, दाखल होऊन सहा महिने झाले. चौकशी कधी लागायची?”

त्यानं पत्र वाचलं, मग माझ्याकडं बघितलं. “दप्तरी दाखल म्हणजे काय समजलीस तू?”

मी सांगितलं. मूर्खासारखं गूळ वाटल्याचंही सांगितलं.

“अहो, इकडे या,” त्यानं शेजारच्या टेबलावरच्याला हाक मारली. “दप्तरी दाखल झालं म्हणून ह्यांच्याकडे गूळ वाटला!” दोघं हसले, तिसराही आला. मग मला म्हणाला, “अगं, दप्तरी दाखल म्हणजे कागद बासनात बांधून ठेवला. संपलं. त्यावर आता कुणी काही करायचं नाही. जा घरी.”

परत येताना मी एसटीत बसले नाही, चालत आले. कुणी तोंडाकडं बघायला नको होतं. मला माझ्या सातवीचा संताप आला. सगळी अक्षरं येत होती, आणि अर्थ त्यांच्याकडं होता. आपलीच भाषा, आपल्याच आईच्या मरणावर, आणि ती आपल्याला कळू नये अशी वापरायची. तोंडावर ‘तुमचं ऐकणार नाही’ म्हणाले असते तर एक वेळ चाललं असतं. त्यांनी आम्हाला आमच्याच हातानं गूळ वाटायला लावला.

वस्तीवर खरं ते सांगितलं. कुणी मला बोल लावला नाही. गंगूमावशी तेवढी म्हणाली, “मंजी आपलं आंगठं बोचक्यात बांदलं व्हय?” आबा भिंतीकडं तोंड करून निजले, दुपारीच.

दुसरा अर्ज लिहिला. सगळ्यात वर, नावाच्याही आधी, मोठ्या अक्षरात लिहिलं, ‘हा अर्ज दप्तरी दाखल करू नये.’ त्याच्या पाच नकला हातानं काढल्या आणि तालुक्यापासून मुंबईपर्यंत जिथं-जिथं पत्ता मिळाला तिथं पाठवल्या. पुन्हा सगळ्यांचे अंगठे, पाचही कागदांवर. या वेळी जीप आली, पण त्यालाही वर्ष गेलं.

चौकशी दवाखान्याच्या ओसरीवर होती. चौकशीला आलेल्या साहेबांना खुर्ची, डॉक्टरांना खुर्ची. ज्याच्यावर तक्रार तोच कंपाउंडर चहा देत होता. आम्ही अंगणात, उन्हात. साहेबांनी मला जवळ बोलावलं, म्हणजे पायरीपर्यंत. मी सांगत गेले, ते लिहीत गेले. दहाची एसटी, कंडक्टर, पूजेची घंटा, पाणी.

“आणि मी अंगण झाडलं, ते लिहा,” मी म्हणाले.

“त्याचा इथे काय संबंध?”

“साहेब, उशिरा आणलं म्हणता. मग हे एवढं अंगण झाडायला मला वेळ कुठून मिळाला?”

त्यांनी पेन खाली ठेवलं. डॉक्टरांनी कंपाउंडरकडं बघितलं. कंपाउंडर कपबशा घेऊन आत गेला. तेवढ्यात माझ्या अंगातून काहीतरी निघून गेल्यासारखं झालं. ज्या गोष्टीपायी मी दोन वर्षं मान खाली घालत होते, तीच आता त्यांना अडवत होती.

साहेबांनी बाकीच्यांना लांब आंब्याखाली जायला सांगितलं. आवाज बदलला. “हे बघ बाई, तू शिकलेली आहेस. तुझ्या आईचं वाईट झालं. रजिस्टरातली ती ओळ मी दुरुस्त करायला लावतो. आत्ता, तुझ्यासमोर. ‘रुग्णास वेळेत आणले, उपचार सुरू असता मृत.’ चालेल? तू फक्त या जबाबावर सही कर.”

जबाब त्यांनी लिहूनच ठेवला होता. मी वाचला. ‘माझी तक्रार गैरसमजातून झाली. इतर अर्जदारांचे अंगठे मी माझ्या मनाने घेतले असून त्यांची काही तक्रार नाही.’ खाली ठरलेलं वाक्य, ‘जबाब वाचून पाहिला, तो माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर आहे.’ त्याखाली सहीची जागा.

खोटं कशाला सांगू, मी पेन हातात घेतलं. आंब्याखाली आबा बसले होते, गुडघ्यात डोकं घालून. सही केली की ते घरी जाऊन जेवणार होते. ‘आबा, खोडलं बघा,’ एवढं सांगायचं होतं मला. दोन वर्षं दुसरं काही मागितलं नव्हतं. ते समोर होतं, एका सहीवर. ‘उपचार सुरू असता’ हे खोटं होतं, तेही मी गिळलं असतं. हात कागदावर टेकला होता.

साहेबांना वाटलं, झालं काम. म्हणाले, “तुझं झालं ना? मग बाकीच्यांचं तुला काय पडलंय? ती ठाकरं तुझी कोण लागतात?”

मी लहानूकडं बघितलं. त्याच्या लेकीच्या नावानं तर रजिस्टरात ओळसुद्धा नव्हती. उशिरा आणलं असंही कुणी लिहिलं नव्हतं. खोडायचं काय त्यानं?

“खांदेकरी लागतात,” मी म्हणाले. “आणि हे माझ्या सांगण्याप्रमाणं लिहिलेलं नाही. मी सही करणार नाही.”

“मग ती ओळ तशीच राहील. विचार कर.”

“राहू द्या.”

‘राहू द्या’ म्हणताना माझा आवाज फुटला. मोठं धैर्य वगैरे काही नव्हतं.  पेन टेबलावर ठेवायला मी पायरी चढून ओसरीवर गेले, आणि कुणी अडवलं नाही हे उतरल्यावर माझ्या लक्षात आलं.

घरी आबांना खरं सांगितलं. ते भिंतीला टेकून बसले. मग म्हणाले, “करायची व्हतीस सही. माज्या डोक्यावरचं वझं उतरलं आसतं.” त्यानंतर कितीतरी महिने ते माझ्याशी बोलले नाहीत. त्यांचं चुकलं असं मी म्हणणार नाही. मी त्यांचं औषध हातात घेऊन परत ठेवून आले होते.

निकालाचं पत्र आलं. ‘अर्जदार चौकशीस सहकार्य करीत नाहीत. संबंधित कर्मचाऱ्यांस योग्य ती समज देण्यात आली आहे.’ या वेळी मी अर्थ आधी विचारून घेतला. समज दिली म्हणजे तोंडी बोलले, कागदावर डाग नाही. डॉक्टर बदली घेऊन त्यांच्या पसंतीच्या गावी गेले. कंपाउंडर आहे तिथंच आहे.

मग पुण्याला एका वकिलाकडं गेले. माणूस वाईट नव्हता. सगळे कागद वाचले, बसायला खुर्ची दिली. पण म्हणाला, “दुसऱ्यांच्या वतीनं कोर्टात जाता येत नाही. ज्याचं नुकसान त्यानंच यायचं. तू तुझ्या आईपुरतं बोल, मी केस घेतो. हे चाळीस लोकांचं गाठोडं नको.” साहेबांनी ओसरीवर जे सांगितलं तेच इथं कायद्याच्या पुस्तकातून आलं. आईपुरतं बोल. तुझं झालं ना? सगळीकडं मला एकटीला आत घ्यायला तयार, बाकीच्यांनी आंब्याखाली थांबायचं.

मी कागद गोळा करून आले.

आता रोज संध्याकाळी दिवेलागणीच्या आधी दोन्ही वस्त्यांतले लोक आमच्या अंगणात बसतात. मी त्यांना बाराखडीपासून शिकवत नाही, तेवढा वेळ नाही. जबाबाचं शेवटचं वाक्य शिकवते, आणि त्याच्या वरचा मजकूर वाचून झाल्याशिवाय हात कागदाला लावायचा नाही हे शिकवते. लहानू आता अडखळत वाचतो. गंगूमावशीची सून बरं वाचते. ज्याचं नुकसान त्यानंच यायचं म्हणता ना, तर येतील. एकेक जण, आपापल्या नावानं, आपल्या हातानं लिहून. एकाच दिवशी, एकाच दारात.

आबा थकलेत. पुन्हा बोलतात, पण एकच विचारतात, “खोडली का गं ती वळ?”

“न्हाई, आबा,” मी सांगते. उद्या खोडतील असं सांगत नाही. त्यांच्या हयातीत खोडली जाईल असं मला वाटत नाही, आणि ते तसेच जातील हे मला माहीत आहे. ते दुःख माझं आहे, ते मी कुणाला वाटून देत नाही.

आईला आम्ही उशिरा आणलं नव्हतं. पण त्या रजिस्टरातून एकट्या माझ्या आईला सोडवून मी घरी येणार नाही.